झ्व्यागिन्त्सेवचे चित्रपट: देशाची गोष्ट की घराची?

चांदणवेल
आन्द्रेई झ्व्यागिन्त्सेवबद्दल आपल्याकडे जे काही लिहिलं जातं त्यात एक वाक्य हमखास सापडतं: 'आजच्या रशियावर कठोर टीका करणारा दिग्दर्शक.' मला ते अपुरं वाटतं, म्हणून हा धागा.

ज्यांना नाव नवीन आहे त्यांच्यासाठी थोडक्यात. जन्म १९६४, सायबेरियातलं नोवोसिबिर्स्क. तिथे अभिनयाचं शिक्षण घेतलं, मग मॉस्कोला जाऊन गिटिस या नाट्यसंस्थेतून १९९० मध्ये पुन्हा अभिनयाचीच पदवी. काम नव्हतं. राहायला खोली मिळावी म्हणून काही काळ झाडूवाल्याची नोकरी केली. चित्रपट दिग्दर्शनाचं रीतसर शिक्षण त्याने कधीच घेतलं नाही. जाहिराती, एका टीव्ही मालिकेचे काही भाग, आणि मग २००३ मध्ये पहिलाच चित्रपट 'द रिटर्न'. त्याला थेट व्हेनिस महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार, सुवर्णसिंह! त्यानंतर 'द बॅनिशमेंट' (२००७), 'एलेना' (२०११), 'लेव्हायथन' (२०१४), 'लव्हलेस' (२०१७). 'एलेना'पासून पुढचे तिन्ही त्याने ओलेग नेगिनबरोबर लिहिले.

आता माझं म्हणणं. या पाचही चित्रपटांत मध्यभागी घर आहे. बारा वर्षांनी परतलेला बाप आणि त्याला ओळखतही नसलेली दोन मुलं. नवऱ्याला एक वाक्य सांगून अख्खा संसार पणाला लावणारी बायको. श्रीमंत म्हाताऱ्याची दुसरी बायको आणि तिचा बेकार मुलगा. खाडीकाठचं घर वाचवू पाहणारा मेकॅनिक कोल्या. घटस्फोटाच्या भांडणात दोघांनाही नकोसा झालेला मुलगा. सरकार, चर्च, पोलीस हे सगळे येतात, पण घराच्या दारातून आत येतात. तुम्हाला काय वाटतं?

साळुंकी
छान धागा. फक्त 'लव्हलेस' पाहिलाय. त्यातलं ते दार मागे ढकललं जातं आणि मागे उभा राहून आवाज न करता रडणारा मुलगा दिसतो, त्यानंतर मी चित्रपट थांबवून माझ्या लेकाच्या खोलीत जाऊन आले. बाकीचे बघायचं धाडस होत नाहीये.

टवाळ
साळुंकीताई, मग 'एलेना' बघा. त्यात मुलाला काही होत नाही. नवऱ्याला होतं.

साळुंकी
हाहा, घरात सांगून बघते.

जुनाप्रेक्षक
चांदणवेल, त्याच्या घडणीतली एक गोष्ट घालतो. रिकामपणाच्या त्या वर्षांत तो मॉस्कोच्या 'सिनेमा म्युझियम'मध्ये जाऊन जगभरचे चित्रपट बघायचा. नाउम क्लैमन यांनी उभी केलेली ही संस्था. तिथे इटालियन दिग्दर्शक अँतोनिओनीचा 'लाव्हेंतुरा' पाहिला आणि आयुष्याची दिशाच बदलली, असं त्याने बऱ्याच मुलाखतींत सांगितलंय. 'लाव्हेंतुरा'त एक बाई बेटावर हरवते आणि तिचा शोध हळूहळू बाजूलाच पडतो. आता मुलगा हरवतो तो 'लव्हलेस' आठवा.

या म्युझियमला २००५ मध्ये आपली जागा सोडावी लागली. मला हे वाचून फार लागलं होतं. पुण्यात लॉ कॉलेज रस्त्यावरच्या फिल्म अर्काइव्हमध्ये (राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात) बसून चित्रपट पाहायला शिकलेल्या माणसाला हे वेगळं समजावून सांगायला नको. फिल्म स्कूलमध्ये न गेलेल्या माणसाला अशी एखादी खोली घडवू शकते, याचा झ्व्यागिन्त्सेव हा पुरावा आहे.

मुळामुठा
अर्काइव्हच्या उल्लेखाला +१. तिथे खेळ संपल्यावर रस्त्यावर उभं राहून ज्या चर्चा व्हायच्या तशी चर्चा आता कुठे होते?

टवाळ
इथेच होतेय की. फक्त चहा आपापला.

अनवट
चांदणवेल यांच्याशी असहमत. 'लेव्हायथन' घराची गोष्ट आहे म्हणणं म्हणजे त्याचे दात काढून घेणं. महापौराच्या कचेरीत भिंतीवर पुतिनची तसबीर आहे, ती काय शोभेला? सहलीला गेलेले मित्र नेमबाजीसाठी लेनिन, ब्रेझनेव्ह, गोर्बाचेव्ह यांच्या तसबिरी काढतात, आणि आत्ताच्यांच्या नाहीत का विचारल्यावर उत्तर येतं की अजून वेळ आहे, त्यांना भिंतीवर राहू दे. हे कुठल्या घरातलं संभाषण आहे? आणि शेवटी त्या जागेवर काय उभं राहतं, ते न पाहिलेल्यांसाठी लिहीत नाही.

ज्याच्यावर देशाचा संस्कृतिमंत्री उघडपणे नाराजी दाखवतो, तो दिग्दर्शक राजकीयच. मेदिन्स्की यांनी स्पष्ट म्हटलं होतं की चित्रपट आवडला नाही, आणि निवडून आलेल्या सत्तेवर थुंकणाऱ्या चित्रपटांना पैसे का द्यायचे. गंमत म्हणजे पैशाचा काही वाटा त्यांच्याच खात्याने दिला होता!

पणजीकर_वि
'लेव्हायथन'चं आणि आमच्या गोव्याचं नातं कोणीच कसं काढलं नाही? २०१४ च्या इफ्फीत, म्हणजे गोव्यातल्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात, सर्वोत्तम चित्रपटाचा सुवर्णमयूर त्यालाच मिळाला. सर्वोत्तम अभिनेत्याचं पारितोषिक अलेक्सेई सेरेब्र्याकोव्ह आणि आपले दुलाल सरकार यांना विभागून. म्हणजे गोल्डन ग्लोबच्या आधीच पणजीने त्याला डोक्यावर घेतलं होतं. मांडवीकाठी बसून पडद्यावरचा बॅरेंट्स समुद्र बघणं हा वेगळाच अनुभव. बाहेर आलो तर उकाडा, आणि आम्ही मित्र कितीतरी वेळ कोणीच कोणाशी बोललो नाही.

अनवट
मस्त आठवण. आणि त्याच वर्षाची आणखी एक: चैतन्य ताम्हाणेंच्या 'कोर्ट'ला व्हेनिसमध्ये पदार्पणासाठीचं लुइजी दे लॉरेंतिस पारितोषिक मिळालं. हेच पारितोषिक २००३ मध्ये 'द रिटर्न'ला मिळालं होतं, सुवर्णसिंहाच्या जोडीला.

काळा_कोट
अनवट यांनी 'कोर्ट'चं नाव काढलंच आहे तर धंद्याचं बोलतो. जिल्हा न्यायालयात वकिली करतो, भूसंपादनाची प्रकरणं बरीच हाताळली आहेत.

'लेव्हायथन'मध्ये न्यायाधीश बाई निकाल वाचतात तो प्रसंग मी अनेक सहकाऱ्यांना दाखवलाय. बाई श्वास न घेता, चढउतार न करता, एका सुरात कलमं आणि दाखले भराभर वाचत जातात. कोल्या समोर उभा. त्याच्या आजोबांपासूनच्या घराचा हिशोब त्या वेगात होऊन जातो. अतिशयोक्ती वाटेल, पण अजिबात नाही. न्यायालयात माणसाला सर्वांत असहाय वाटतं ते ओरडाआरडा होताना नव्हे, तर सगळं नियमानुसार आणि वेगात होत असताना. 'कोर्ट'मध्येही सरकारी वकील बाई जुन्या कायद्यातली कलमं सपाट आवाजात वाचत राहतात. दोन दिग्दर्शकांना एकाच वर्षी, जगाच्या दोन टोकांना, अन्यायाचा आवाज असाच ऐकू आला.

अजून एक बारकावा. महापौर जमीन घेतो ती 'नगरपालिकेच्या गरजेसाठी'. भांडण ताब्यापेक्षा मोबदल्याच्या आकड्यावर येऊन ठेपतं. आमच्याकडे येणारा प्रत्येक शेतकरी आधी म्हणतो, 'जमीन द्यायची नाही', आणि दोन वर्षांनी विचारतो, 'वाढीव किती मिळेल?' ही घसरण चित्रपटात फार नेमकी आलीय.

चांदणवेल
काळा_कोट, तुमच्या प्रतिसादाने धागा काढल्याचं सार्थक झालं. पण बघा, तुम्हीही 'आजोबांपासूनचं घर' म्हणालातच!

शेवंती
एक विचारू? हे सगळं इतकं निराशाजनक का? प्रत्येक चित्रपटात शेवटी अंधार. महोत्सवांतल्या परीक्षकांना रशियाचं दुःख विकायचं, अशी टीका रशियातच झाली होती ना? मला 'द रिटर्न' फार आवडतो, कारण त्यात बापावर चिडलेला धाकटा इव्हान शेवटी हाक मारतो तेव्हा काहीतरी उमलतं. पुढच्या चित्रपटांत ते उमलणं थांबलं.

जुनाप्रेक्षक
शेवंती, 'द रिटर्न'च्या बाबतीत एक दुःखद गोष्ट आहेच. थोरल्या आन्द्रेईचं काम करणारा व्लादिमिर गारिन २००३ च्या उन्हाळ्यात, चित्रपट व्हेनिसला पोचण्याच्या आधी, तळ्यात बुडून गेला. चित्रपटात पाण्याचं जे स्थान आहे ते पाहता हे कळल्यावर पुन्हा बघणं जड जातं.

उरलपार
वाचनमात्र होतो, पण शेवंती यांच्या प्रश्नासाठी लॉगिन केलं. वैद्यकीय शिक्षण रशियात घेतलं, मॉस्कोपासून बरंच दूर. आमच्या बॅचला महाराष्ट्रातली बरीच मुलं होती.

'दुःख विकतो' ही टीका तिथे मीही ऐकली. आमच्या वसतिगृहाच्या देखरेखीला असणाऱ्या काकू 'लेव्हायथन'वर भयंकर चिडल्या होत्या. सगळे दारू पितात असं दाखवलं म्हणून. बऱ्याच लोकांनी तो चित्रपटगृहात जायच्या आधीच इंटरनेटवर पाहिला होता, कारण अधिकृत प्रदर्शन फेब्रुवारी २०१५ मध्ये झालं आणि प्रत त्याआधीच फुटली होती. शिवाय १ जुलै २०१४ पासून चित्रपटांत शिव्यांवर बंदी आली, त्यामुळे चित्रपटगृहातल्या प्रतीत शिव्यांच्या जागी शांतता. पण चर्चच्या सगळ्याच लोकांनी विरोध केला असं समजू नका. ज्या मुर्मान्स्क भागात चित्रीकरण झालं तिथल्याच धर्मप्रमुखांनी, मेट्रोपॉलिटन सिमोन यांनी, चित्रपट प्रामाणिक असल्याचं म्हटलं होतं.

आता 'एलेना'बद्दल. तो माझ्या मते त्याचा सर्वांत खरा चित्रपट. एलेना मॉस्कोच्या मध्यवस्तीतल्या प्रशस्त घरातून निघते, गाड्या बदलत शहराच्या टोकाला मुलाकडे जाते. त्याच्या इमारतीशेजारी वीजकेंद्राचे ते अवाढव्य धुरांडी बुरूज. तिथे पोचून ती आपलं पेन्शन मुलाच्या हातात ठेवते. असं घर मी आतून पाहिलंय: अरुंद स्वयंपाकघर, त्यातच सगळं कुटुंब, टीव्ही अखंड चालू. आणि नातवासाठी तिला पैसे हवे असतात ते कशासाठी? विद्यापीठात प्रवेश मिळाला नाही तर पोरगा सैन्यात जाईल म्हणून. तिथे अठरा वर्षांनंतर सक्तीची भरती असते, शिकत असलात तर ती पुढे ढकलता येते. २०११ मध्ये हे कथानकाचं साधं कारण वाटलं असेल. आज, २०२२ च्या युक्रेन युद्धानंतर बघा, त्या आजीची धडपड वेगळी दिसते. तिने जे केलं ते भयंकरच आहे, पण माझ्याबरोबर शिकलेल्या मुलांच्या आया आठवतात आणि मला तिला नुसती लोभी म्हणवत नाही.

साळुंकी
उरलपार, हा प्रतिसाद वाचून 'एलेना' यादीत सर्वांत वर गेला.

मुळामुठा
वाखूसा (वाचनखूण साठवली). 'एलेना'तलं फिलिप ग्लासचं संगीतही ऐका, त्याच्या तिसऱ्या सिंफनीतलं. बाई फक्त गाडीतून चाललीय, हातात पिशवी, आणि पोटात गोळा येतो. 'लेव्हायथन'लाही ग्लासच, 'आखनातेन' या ऑपेरातला भाग.

अनवट
उरलपार यांनी माझीच बाजू भक्कम केली. सक्तीची भरती, शहराचं टोक, पेन्शन. हा देशच आहे.

पारिजातक
मी दोघांच्याही विरुद्ध जाते. या चित्रपटांची बीजं रशियातली नाहीतच!

'द बॅनिशमेंट' विल्यम सारोयानच्या कादंबरीवरून, म्हणजे आर्मेनियन वंशाचा अमेरिकन लेखक. चित्रीकरण मोल्दोवा, बेल्जियम, फ्रान्स. मुद्दाम देश कळू नये असं. 'एलेना'ची सुरुवात एका ब्रिटिश निर्मात्याच्या प्रस्तावापासून झाली. चित्रपट इंग्रजीत व्हायचा होता, नायिका हेलन. 'लेव्हायथन' अमेरिकेतून आला: कोलोरॅडोतल्या ग्रॅन्बी गावचा मार्विन हीमायर नावाचा वेल्डर, जमिनीच्या वापरावरून नगरपालिकेशी आणि सिमेंट कारखान्याशी भांडण. २००४ मध्ये त्याने बुलडोझरला पोलादी चिलखत चढवलं, तेरा इमारती पाडल्या आणि स्वतःला संपवलं. झ्व्यागिन्त्सेवला ही हकिगत अमेरिकेत चित्रीकरणासाठी गेला असताना कळली. त्यात बायबलमधली ईयोबाची कथा आणि जर्मन लेखक क्लाइस्टची 'मिखाएल कोलहास' ही कथा मिसळली. 'लव्हलेस'च्या आधी स्वीडिश दिग्दर्शक बर्गमनच्या 'सीन्स फ्रॉम अ मॅरेज'ची नवी आवृत्ती करायची होती.

आणि आता बदल काय केला तो बघा. हीमायर यंत्रावर स्वतः चढतो आणि नगरपालिका पाडतो. कोल्या काहीच पाडत नाही. यंत्र त्याच्या घरात शिरतं. तीच गोष्ट रशियात नेली की उलटी होते. अमेरिकन माणसाला वाटतं आपण एकटे लढू शकतो, भले मरू. कोल्याला तेवढंही वाटत नाही. माझ्या मते त्याची सगळी प्रतिभा या उलटण्यात आहे. बी बाहेरचं, माती तिथली.

चांदणवेल
पारिजातक, क्या बात है! हीमायरचं माहीत होतं पण हा उलटेपणा कधी लक्षात आला नव्हता.

काळा_कोट
आणि ते यंत्र घराच्या आतून दाखवलंय. जेवणाच्या टेबलाशी बसलेल्या माणसाला दिसेल तसं. अतिक्रमण पाडताना आम्ही कायम रस्त्यावर उभे असतो, आतून कधी बघत नाही.

टवाळ
जाता जाता, समुद्रकाठचा तो देवमाशाचा सांगाडा खरा नव्हता. चित्रपटासाठी बनवला होता. जिथे चित्रीकरण झालं त्या तेरिबेर्का गावात चित्रपटानंतर पर्यटक जायला लागले आणि सांगाडा कुठाय विचारायला लागले, असं वाचलंय. गावकऱ्यांना आता उत्तर पाठ असेल.

पणजीकर_वि
आमच्या फोंतेन्हासमध्ये लोक येऊन 'त्या चित्रपटातली ती भिंत' विचारतात तसंच की!

अनवट
पारिजातक, प्रतिसाद आवडला. 'द बॅनिशमेंट' मात्र तुमचा मुद्दा सिद्ध करतो, उलट बाजूने. तिथे माती काढून टाकली, आणि चित्रपट हवेत राहिला. अडीच तासांहून लांब, प्रत्येक चौकट चित्रासारखी, पण ही माणसं कुठल्या दुकानात पाव आणायला जातात ते कळत नाही. त्यातल्या लाव्रोनेन्कोला कान चित्रपट महोत्सवात अभिनयाचं पारितोषिक मिळालं, तो मान मिळवणारा तो पहिला रशियन नट, तरीही मला हा चित्रपट जिवंत वाटत नाही.

मुळामुठा
तीव्र असहमती! 'द बॅनिशमेंट'मध्ये मिखाईल क्रिचमनचा कॅमेरा पावसाच्या पाण्याबरोबर ओहोळातून सरकत जातो, कोरडा झरा पुन्हा वाहू लागतो, तेवढ्यासाठी मी तो कितीही वेळा बघेन. पाव कुठून आणतात याने काय फरक पडतो? सगळ्या गोष्टींना पत्ता लागतोच का?

अनवट
लागतो. झ्व्यागिन्त्सेवला तरी लागतो. 'द रिटर्न'लाही पत्ता आहे: लादोगा सरोवराचं थंड पाणी, डांबराची होडी, भिजलेली मुलं. बापाने बारा वर्षं काय केलं ते सांगितलेलं नाही, पण होडीला डांबर कसं लावायचं ते दाखवलंय.

शेवंती
हे वाक्य पटलं. मला 'द रिटर्न' का आवडतो ते यात आलं. पण माझा निराशेचा प्रश्न राहिलाच.

उरलपार
शेवंती, 'लव्हलेस'मधले स्वयंसेवक विसरू नका. पोलीस अधिकारी आईबापांना सांगतो की आमच्याकडे माणसं नाहीत, त्यांच्याकडे जा. मग ते नारिंगी जाकिटातले लोक येतात, रांग धरून जंगल पिंजून काढतात, नाव घेऊन हाका मारतात, पडक्या इमारतीची प्रत्येक खोली बघतात. कोणाला एक रुबलही मिळत नाही. हा गट 'लिझाअलर्ट' या खऱ्या संस्थेवर बेतलेला आहे. २०१० मध्ये लिझा नावाची लहान मुलगी जंगलात हरवून गेली, शोधायला वेळेत कोणी आलं नाही, त्यातून ती उभी राहिली. आम्ही शिकत होतो त्या शहरातही त्यांची पत्रकं बसथांब्यांवर असायची, आणि माझा एक रशियन वर्गमित्र रात्रपाळी संपवून शोधाला जायचा. चित्रपटात त्या लोकांना कोणी भाषण दिलेलं नाही, त्यांचं खासगी आयुष्यही दाखवलेलं नाही. फक्त काम. तुम्ही म्हणता ते उमलणं मला तिथे दिसतं. फक्त ते घराबाहेर आहे.

शेवंती
उरलपार, हे लक्षातच आलं नव्हतं. त्या नजरेने पुन्हा बघेन.

पारिजातक
चांदणवेल, मग तुमच्या सिद्धांताचं काय? घरात प्रेम नाही आणि अनोळखी लोक शोधतायत!

चांदणवेल
विचार करतेय. खरं सांगायचं तर मला आता वेगळाच प्रश्न पडलाय. २०२१ मध्ये कोविडने तो मरणाच्या दारात होता, जर्मनीत उपचार, दीर्घ काळ कृत्रिम बेशुद्धीत, मग पुन्हा चालायला शिकावं लागलं. त्यानंतर तो फ्रान्समध्ये राहतोय. मधे युद्ध सुरू झालं. 'लव्हलेस'नंतरचा त्याचा चित्रपट 'मिनोटॉर', त्याचं चित्रीकरण लातवियात झालं. बीज पुन्हा बाहेरचं, शाब्रोलच्या एका जुन्या फ्रेंच चित्रपटातलं. पण पारिजातक म्हणतात ती माती? ती आता त्याच्या पायाखाली नाही.

जुनाप्रेक्षक
देश सोडलेल्या रशियन दिग्दर्शक तार्कोव्हस्कीने 'नॉस्टॅल्जिया' इटलीत केला आणि 'सॅक्रिफाइस' स्वीडनच्या गॉटलंड बेटावर. दोन्ही त्याचेच वाटतात. मोठा दिग्दर्शक आपली जमीन बरोबर नेतो.

अनवट
तार्कोव्हस्की तसाही स्वप्नात आणि आठवणीत राहायचा, त्याला देश सोबत नेता आला. झ्व्यागिन्त्सेव तसा नाही. त्याला नेमकी लिफ्ट, नेमका पोलीस, कचेरीतली नेमकी खुर्ची लागते. शिवाय काळ थांबत नाही. त्याने सोडला तो रशिया आणि आत्ताचा रशिया यात एवढं युद्ध आहे. तिथली माणसं रोज काय बोलतात ते कानावर पडल्याशिवाय संवाद कसे लिहिणार? ही शंका मी त्याच्यावरच्या प्रेमापोटीच घेतोय.

उरलपार
मी परत आल्यालाही बराच काळ झाला. तिथल्या मित्रांशी फोनवर बोलतो तेव्हा ते हवामान, मुलं, परीक्षा यांवरच बोलतात. बाकीचं बोलत नाहीत. तिथे राहून असा चित्रपट आज कोण करू शकणार? 'लेव्हायथन' रशियाने स्वतः ऑस्करला पाठवला होता, मंत्र्यांना आवडला नसतानाही. 'लव्हलेस'सुद्धा पाठवला, त्यात तर सरकारचा पैसाही नव्हता. ते दिवस गेले. बाहेर राहिलेल्या माणसाला चुकीचे तपशील लिहिण्याचा धोका आहे, हे मान्य. पण आत राहिलेल्याला एकही खरा तपशील लिहिता येणार नसेल तर मी बाहेरच्याचा चित्रपट बघेन.

काळा_कोट
उरलपार यांना पूर्ण अनुमोदन.

पारिजातक
अनवट यांची शंका योग्य आहे, तरी मला आशा आहे. त्याला माणसाचा खोटेपणा ओळखता येतो, आणि खोटेपणा स्वयंपाकघरातल्या टेबलापाशी सुरू होतो. ते टेबल लातवियातल्या रीगात मांडता येईल.

चांदणवेल
म्हणजे फिरून घराशीच आलात की, पारिजातक!

साळुंकी
काल रात्री 'एलेना' पाहिला, नवऱ्यासोबत. आमचं तासभर वाजलं. तो म्हणतो त्या म्हाताऱ्याने मृत्युपत्राचं बोलून दाखवलं तिथेच सगळं ठरलं, पैशाची भाषा त्यानेच आधी सुरू केली. मी म्हणते, एलेनाने निर्णय त्याच्याही आधी, लेकाच्या स्वयंपाकघरात बसली असतानाच घेतला होता. शुक्रवारी 'लेव्हायथन'. उरलपार, त्यासाठी मुलांना झोपवून बसू ना?

उरलपार
हो साळुंकीताई, मुलांना झोपवूनच. आणि शिव्या असलेली मूळ प्रत मिळते का बघा, ती शांततेची नको.